मागच्या काचेवरची आंटी

अंगण अजून गप्प होतं. घरात पाण्याच्या डेऱ्यावरचं झाकण खणकन पडलं आणि मला कळलं, मुकेश उठला, आता निघायचं. मित्रांनो, जव्हार ते दाभोसा माणसं वाहून वाहून जिची हाडं खिळखिळी झाली, ती जुनी जीप म्हणजे मी.

कारखान्यातून निघाले ती मी आधी एका साहेबांकडे होते. रोज अंघोळ, वर कापडाची झूल. मग मुकेशनं मला घेतलं. नारळ फोडून, हळदकुंकू लावून तो म्हणाला, "ही माझी लक्ष्मी." किती बाळंतिणी मी दवाखान्यात पोहोचवल्या, किती भाताची पोती वाहिली! लोक जाता जाता बॉनेटवर थाप मारायचे, तेव्हा मला बरं वाटायचं.

त्याच मुकेशनं एक दिवस माझ्या मागच्या काचेवर एक चित्र चिकटवलं. मला काही माझी पाठ दिसत नाही. मागून येणाऱ्या मोटारसायकलवाल्यांच्या शिट्ट्यांवरून आणि बोलण्यावरून समजलं. भरल्या अंगाची, ओल्या साडीतली बाई, खाली लिहिलेलं 'झकास आंटी'. मोठी माणसं मोबाईलवर चोरून बघतात ना, त्यातलं. आत गाणीही तसलीच, आणि जाड बायकांवरचे विनोद. लक्ष्मीच्या पाठीवर हे असलं! लावताना मला विचारलं होतं कुणी?

दाभोशाची अंगणवाडीताई सुनिताबाय अंगानं भरलेली, चाळिशी ओलांडलेली. भरल्या जीपसमोर मुकेश तिला म्हणाला, "या आंटी, तुमचाच फोटू लावलाय मागं!" सगळे हसले. चढवलेला पाय तिनं खाली घेतला आणि तेव्हापासून ती चालतच जाऊ लागली. दुखरे गुडघे, खांद्यावर खाऊची जड पिशवी. तिच्या शेजारून जाताना माझं इंजिन उगाच तापायचं. याचा सूड मी घेणार होते.

संधी मिळाली ओढ्यापुढच्या चढणीवर. चिखलात माझी मागची चाकं जागीच फिरू लागली. थोडा जोर लावला असता तर निघाले असते. नाही लावला. उलट एका मोठ्या पोराला स्टिअरिंगवर बसवून ढकलायला उतरलेल्या मुकेशच्या तोंडावर चांगला ओंजळभर चिखल उडवला!

अशा वेळी आमच्याकडे मागच्या बाकावर वजनदार माणसं बसवतात, म्हणजे चाकं जमीन धरतात. पण आत होती सगळी शाळेची काटकुळी पोरं आणि मुकेशची छोटी लेक रोशनी. तेवढ्यात मागून सुनिताबाय आली.

"सुनिताबाय, जरा मागं बसा ना. वजन पायजे."

"वजन पायजे?" तिनं कमरेवर हात ठेवले. "तुझ्या आंटीला बसव की. ती तं चिकटूनच हाय."

पोरं खिदळली.

"मस्करी व्हती ती, बाय."

"मंग ही पण मस्करीच. काढ तिला. नखानं काढ."

ती दगडावर टेकली. मुकेश वाकून खरवडत बसला. कान लाल, नखं दुखावलेली. ज्यांच्यासमोर तिला हसला होता, त्यांतलेच दोघे वाटेवर थांबून बघत होते. मला वाटत होतं, चित्रानं अजून घट्ट धरून बसावं, त्याची नखं आणखी झिजू देत. शेवटी ते सालीसारखं अख्खं निघालं. मुकेशनं ते आत भिरकावलं. सुनिताबाय मागच्या बाकावर बसली, मी जमीन धरली आणि एका दमात चढण चढले.

मित्रांनो, आता मला कुणी धूत नाही. पत्रा गंजलाय. नका धुऊ, चालेल मला. पण माझ्या पाठीवर कुणाची आई-मावशी अशी चिकटवाल, तर लक्षात ठेवा, दर चढणीला रुतेन मी.

आत रोशनीनं ते चित्र मांडीवर पसरलं. वरून खालून नीट बघितलं, उलटं करूनही बघितलं.

"काकू, हिला तोंडच नाय काढलं," ती म्हणाली. "मंग हिचं पोर हिला कसं वळखेल?"