चुकीच्या जागी हसू

सिरिल ब्लेंकिन बोटीच्या जिन्यावरून घसरला, पाय मोडला आणि इंग्लंडमधल्या हल बंदराच्या इस्पितळात येऊन पडला. उभी हयात प्रवासी बोटींवर लोकांना चहा-जेवण देण्यात गेलेली. आता दुसऱ्याच्या हातचा पांचट चहा प्यायची पाळी त्याच्यावर आली होती.

रविवारी दुपारची जेवणं झाली, की वॉर्डातले सगळे कानाला हेडफोन लावून रेडिओवरचा विनोदी कार्यक्रम ऐकत. त्यात दोन नखरेल शिंपी असत. गिऱ्हाइकाचं माप घेता घेता ते आपापसांत असलं काही बोलत, की ऐकणाऱ्याला निम्मे शब्द कळत नसत. त्यांच्या लाडिक सुरावरच लोक हसून हसून बेजार होत. सिरिलला मात्र शब्दन् शब्द कळे. ज्या पुरुषांचा जीव पुरुषांवर जडतो, त्यांची ती बोली. बोटींवर, नाटकांच्या रंगपटांत, बंदराजवळच्या दारूच्या अड्ड्यांवर ते तीच बोलत, कारण असं प्रेम तेव्हा गुन्हा होता; साध्या भाषेत बोललेलं पोलिसाच्या कानावर गेलं तर तुरुंगच. आणि इथे ती भर दुपारी साऱ्या देशाला ऐकू येत होती!

त्या रविवारी एक शिंपी गिऱ्हाइकाच्या मांड्यांबद्दल काहीतरी पुटपुटला. वॉर्ड गप्प. सिरिलला हसू आवरलं नाही. आणि त्याच क्षणी कोपऱ्यातल्या कॉटवरूनही कोणी फस्सकन हसलं.

तो होता होरेस स्टॅथर्स. बसचा ड्रायव्हर, पोटाचं ऑपरेशन झालेला, बायको गेल्यापासून एकटा; लेक तेवढी भेटायला येई. पोटाचे टाके धरून तो हसत होता, आणि सिरिलची नजर भिडताच एकदम थांबला.

सिरिलला कुबड्यांवर चालायची परवानगी मिळाली, तेव्हा तो पहिल्यांदा गेला तो त्याच कोपऱ्यात. हळूच म्हणाला, "आज तुमचं ईक बोना दिसतंय." म्हणजे, चेहरा छान दिसतोय.

होरेसचा रंगच उडाला. त्याने भिंतीकडे तोंड फिरवलं.

सिरिल कसाबसा आपल्या कॉटवर परतला. या वयातही जिभेला लगाम नाही, म्हणून स्वतःलाच दूषणं देत राहिला. हा माणूस लेकीजवळ बोलला तर? सिस्टरजवळ बोलला तर? त्याला जेवण जाईना.

पण दुसऱ्या दिवशी सकाळी होरेसनेच त्याला हात करून बोलावलं. सिस्टर दुसऱ्या टोकाला चादरी बदलून घेत होती.

"काल मी घाबरलो," होरेस म्हणाला. "तुम्ही ते शब्द कुठे शिकलात?"

"बोटीवर. तुम्ही?"

"मीपण. लढाईच्या दिवसांत. आयव्हर म्हणून एक खलाशी होता, त्याच्याकडून."

आयव्हर बोटीबरोबरच बुडाला होता. होरेस घरी आला, त्याने लग्न केलं, मुलगी झाली. बायको चांगली होती, असं त्याने दोनदा सांगितलं, आणि ते खरंच असावं. पण आयव्हरनंतर तसं बोलणारं माणूस त्याला भेटलं नव्हतं. रेडिओवर पहिल्यांदा ते शब्द ऐकले, तेव्हा तो स्वयंपाकघरातला दिवा न लावताच बसून राहिला होता.

"जरा बोल ना," तो म्हणाला. "काहीही बोल."

'तुम्ही' कधी गळून पडलं, ते दोघांच्याही ध्यानात आलं नाही. सिरिलने इकडेतिकडे पाहिलं आणि नव्या डॉक्टरच्या लॅलींबद्दल, म्हणजे पायांबद्दल, त्या बोलीत सुरू झाला. मग सिस्टरच्या केसांची पाळी आली. होरेस हसता हसता रडू लागला. सिरिल थांबला, तर त्यानेच मानेने खूण केली, चालू दे.

होरेस आधी घरी गेला. जाताना त्याची लेक व्हेरा सिरिलजवळ आली. "आई गेल्यापासून बाबांना असं हसताना पाहिलं नव्हतं. बरे झालात की रविवारी जेवायला या, मिस्टर ब्लेंकिन. नाही म्हणू नका."

सिरिल गेला. भाजलेलं मांस होतं, बटाटे होते, शेवटी कस्टर्ड. मग रेडिओ लागला. मधेच व्हेराने विचारलं, की हे दोघं शिंपी नक्की काय बडबडतात?

"आमची बोटीवरची भाषा आहे, पोरी," होरेस म्हणाला.

व्हेराने दोघांकडे पाहिलं. सिरिलने चमचा खाली ठेवला. तिने शांतपणे उरलेलं कस्टर्ड त्याच्या ताटलीत वाढलं आणि पुढच्या रविवारी कोकराचं मांस चालेल का, एवढंच विचारलं.

संध्याकाळ व्हायच्या आत होरेस त्याला बसथांब्यापर्यंत सोडायला निघाला. उतारावर ओल होती. सिरिल काठी टेकत चालला होता, तेव्हा होरेसने त्याचा दंड धरला. रस्त्यात शेजारीण भेटली, हवापाण्याचं बोलून पुढे गेली. म्हाताऱ्याने लंगड्याला आधार दिला, यात तिला वावगं काहीच दिसलं नाही. उतार संपला, रस्ता सपाट झाला, तरी होरेसने दंड सोडला नाही.