घंगाळाची डावी कडी

मनकर्णाबाईचं तांब्याचं घंगाळ म्हणजे केनवडात एक प्रस्थच होतं. माहेरहून आलेलं, चार-पाच घागरी पाणी सहज पोटात घेणारं, आणि डाव्या कडीत खोड असलेलं. नुसत्या हातानं उचललं की ती कडी गर्रकन फिरायची आणि अंगठा चेमटायची. घरचे सगळे फडकं गुंडाळूनच धरत. तांबटाकडे नेऊ म्हणता म्हणता मनकर्णाबाईचे केस पिकले.

लग्न निघालं की गावात भांडी या घरची त्या घरी जायचीच. दौलतरावांच्या मुलाच्या लग्नाला घंगाळ गेलं, आणि गेलं ते गेलंच. मनकर्णाबाई मागायला गेली तर हे बडे जमीनदार मिशीवर हात फिरवत म्हणाले, "बाई, कवाच वापस केलं तुमचं घंगाळ!"

बाईचा जीव तीळ तीळ तुटला. लवकरच लेकीची, कस्तुराची, हळद होती. बाईच्या स्वतःच्या हळदीला तिच्या आईनं याच घंगाळातल्या पाण्यानं तिला न्हाऊ घातलं होतं. आई आता नव्हती. घंगाळ तेवढं होतं, तेही या भल्या माणसानं गिळलं.

तिनं रिसोडच्या ठाण्यात तक्रार दिली. चौकशीला जमादार किसनसिंग आले आणि उतरले कुठे, तर थेट दौलतरावांच्याच घरी! रात्री पोटभर जेवले, गाढ झोपले, सकाळी ऊन ऊन पाण्यानं आंघोळ करून मनकर्णाबाईच्या ओसरीवर हजर झाले.

"अख्खं घर धुंडाळलं. घंगाळ नाई. अन् तुमीच उसनं देलं, त्याची कायची चोरी? दिवाणीत जा."

बाईचं लक्ष त्यांच्या बोलण्याकडे नव्हतंच. जमादारांच्या अंगठ्याला हळद लावून चिंधी बांधलेली होती. तिला असं हसू फुटलं की पदर तोंडात कोंबावा लागला.

ती पुन्हा ठाण्यात गेली, तर ठाणेदारांनी जमादारांचाच रिपोर्ट वाचून दाखवला आणि तिची बोळवण केली. तिथून ती तडक बाजारात बसून लोकांचे अर्ज लिहून देणाऱ्या अर्जनवीस उकंडरावांकडे गेली.

"भाऊ, पोलिसानं नाई म्हटलं की संपलं काय?"

"कायले संपते? सरळ मॅजिस्ट्रेटपुढं फिर्याद द्या, बाई. शपथेवर बयान द्या. उसनी नेलेली चीज हडप करनं हाही गुन्हाच हाय. मॅजिस्ट्रेट साक्षीदार बोलावते, झडतीचा हुकूम काढते. त्याले पोलिसाची परवानगी लागत नाई."

मॅजिस्ट्रेटचे अधिकार असलेले तहसीलदार दौऱ्यावर आले, आमराईत तंबू पडला. मनकर्णाबाईनं शपथेवर सगळं सांगितलं, डाव्या कडीची खोडसुद्धा. साहेबांनी ते लिहून घेतलं आणि पुढच्या तारखेला दौलतरावांना आणि जमादारांना बोलावलं. किसनसिंगांनी छाती काढून सांगितलं, घर पाहिलं, घंगाळ नाही.

"बाई, काही विचारायचं आहे?"

"एकच सवाल, सायब. जमादाराच्या अंगठ्याचं नख काळं काहून पडलं?"

दुखणं कुणी विचारलं की किसनसिंग खुलत. "काय सांगू हुजूर! दौलतरावांच्या न्हाणीत घंगाळ उचलाले गेलो, तं त्याची डावी कडी अशी फिरली..."

एवढं बोलून त्यांनी अंगठा झटकन पाठीमागे लपवला. दौलतराव तंबूचं छत पाहू लागले. साहेबांनी बाईचं बयान पुन्हा वाचलं, मिशीतल्या मिशीत हसले आणि झडतीचा हुकूम लिहिला. दौलतरावांनी भर तंबूत हात जोडले. मनकर्णाबाईनं साहेबांच्या परवानगीनं तडजोड केली, पण घंगाळ जमादारांनीच आणून द्यावं म्हणून हटून बसली.

ते आणलं किसनसिंगांनी, दोन्ही हातांना फडकी गुंडाळून! गाव हसून हसून बेजार झालं.

हळदीला कस्तुरा त्याच घंगाळातल्या पाण्यानं न्हाली. आईची आठवण येऊन मनकर्णाबाई ओक्साबोक्शी रडली, मग डोळे पुसून लेकीच्या कानाशी लागली.

"हे तुह्यासंगं सासरी ने. कोणी उसनं मांगलं तं खुशाल दे. फक्त डाव्या कडीचं कोनाले सांगू नको."