विहिणींचा माउस

गोदाबाईंनी टेलिफोन खात्यात उभी नोकरी काढली, पण खात्यात त्यांचं नाव होतं ते कॅरमसाठी. ठाण्याच्या एक्सचेंजमध्ये जेवणाच्या सुट्टीत त्यांच्यासमोर बसायला भले भले पुरुष कांकू करत. निवृत्त झाल्यावर मात्र डोंबिवलीच्या घरात त्यांचा कॅरमबोर्ड भिंतीला टेकून उभा राहिला. मुलगा उत्तम याचा नेम असा की सोंगटी सोडून सगळं भोकात जायचं. सून मालू बरी खेळायची, पण हरली की हसत सुटायची, आणि हरल्यावर हसणाऱ्या माणसाशी खेळण्यात गोदाबाईंना काही राम वाटत नसे.

त्या घरात सत्त्याण्णव साली कॉम्प्युटर आला. उत्तम एका कारखान्यात ड्राफ्ट्समन होता. घरी बसून जादा नकाशे काढावेत म्हणून त्याने तो एका ओळखीच्या माणसाकडून जुळवून घेतला होता. गोदाबाईंनी सुरुवातीला त्याला पाहुण्यासारखं वागवलं. फुलाफुलांचं आवरण शिवून त्याच्यावर घातलं आणि लांबून गेल्या. मग एका दुपारी मालूने त्यांना त्यावरचा विटा फोडायचा खेळ लावून दिला. वर रंगीत विटांची भिंत, खाली एक आडवी फळी आणि मधे टणटण उडणारा चेंडू. माउस हलवला की फळी हलायची. चेंडू फळीवर झेलून विटांवर मारायचा. फळी चुकली की चेंडू गेला.

पहिले दोन चेंडू गोदाबाईंनी घालवले. तिसऱ्याला पदर खोचला.

संध्याकाळी उत्तम घरी आला तेव्हा भात खाली लागला होता, आणि खेळाच्या शेवटी सर्वांत जास्त गुणांची जी नावं येतात, त्यांत वरपासून खालपर्यंत इंग्रजी अक्षरांत ‘गोदा’ एवढंच लिहिलेलं होतं.

“आई, अगं हे काय?”

“अरे, कोन सांभाळायचा असतो नुसता,” गोदाबाई म्हणाल्या. “बाकी काही नाही त्यात.”

अशी सगळी सुखाची घडी बसली असताना विहीणबाईंचे दात दुखू लागले.

विहीणबाई म्हणजे मालूच्या आई, केशरबाई. राहायला कल्याणला, थोरल्या मुलाकडे. त्यांना कवळी बसवायची ठरली आणि दातांचे डॉक्टर कुठले पसंत पडावेत, तर डोंबिवलीचे. एक दिवस दात काढायचे, एक दिवस माप द्यायचं, एक दिवस नुसतंच बोलावलेलं. दर खेपेला केशरबाई डॉक्टरांकडून लेकीकडे येत आणि उन्हं उतरेपर्यंत थांबत. चावता येत नाही म्हणून मालू आईसाठी साजूक तुपातला शिरा करी. चमच्याने शिऱ्याची चव जाते, असं केशरबाईंचं ठाम मत होतं. तो त्या बोटांनी खात.

मालूची मात्र तारांबळ उडे. दोघींनाही ती ‘आई’च म्हणायची. फक्त सासूला ‘अहो आई’ आणि आईला ‘अगं आई’. घाईत नेमकी उलटापालट व्हायची आणि दोन्हीकडून “काय गं?” यायचं.

एका दुपारी गोदाबाई भाजीला गेल्या. परतल्या तर विहीणबाई कॉम्प्युटरसमोर. डाव्या हाताशी शिऱ्याची बशी, उजव्या हातात माउस. पडद्यावर सर्वांत वरच्या ओळीत ‘केशर’.

“वेळ जाईना म्हणून आपलं बसले,” केशरबाई म्हणाल्या. “मालूने दाखवलं. तसं सोपंच आहे हो.”

‘सोपंच’ हा शब्द दातांवाचूनही त्यांनी फार स्पष्ट उच्चारला. गोदाबाईंनी हातातली मेथी खाली ठेवली.

“पहिल्यांदा नशीब साथ देतंच,” त्या हसून म्हणाल्या. “आमच्या एक्सचेंजमध्येही नवीन मुली एखादा डाव मारून जायच्या.”

“हो का? मग परवा येते, तेव्हा बघू नशिबाचं.”

परवाही केशरबाई जिंकल्या. त्या रात्री गोदाबाईंचा डोळा लागेना. नेम चुकत नव्हता, कोन चुकत नव्हता. मग अडत कुठे होतं? सकाळी माळ्यावरचा डबा काढताना त्यांना एकदम उलगडलं. हात सरकत नव्हता! टेबलाच्या सनमायकावर माउस घासत जात होता. बोर्ड गुळगुळीत नसेल तर स्ट्रायकर तरी काय करील? कॅरमच्या बोरिक पावडरचा डबा त्यांनी खाली काढला आणि कोणी नसताना ती टेबलावर चिमूट चिमूट भुरभुरवली.

माउस असा पळाला की गोदाबाईंना पंख फुटल्यासारखं झालं. दुपारच्या चहाआधी ‘केशर’ दुसऱ्या ओळीत गेलं होतं.

पुढचे काही दिवस त्या घरात जे चाललं त्याला युद्धच म्हणायचं. वरची ओळ कधी हिच्याकडे, कधी तिच्याकडे. बोलणं मात्र तुपासारखं. “या ना विहीणबाई, तुम्ही बसा.” “छे छे, तुमचं घर, तुमचा मान आधी.” आणि बसलेली बाई काही केल्या उठायची नाही.

मग एके दिवशी फळी अडकली.

गोदाबाई ऐन रंगात होत्या. मोजक्या विटा उरलेल्या, चेंडू उजवीकडे येतोय, त्यांनी माउस उजवीकडे नेला, आणि फळी अर्ध्यात थबकली. गचका खाल्ला, पुन्हा थबकली. चेंडू शेजारून आरामात खाली गेला. डावीकडे फळी लोण्यासारखी जायची. उजवीकडे न्यावी तर नव्या नवरीसारखी पाऊल टाकायची. गोदाबाईंना एकच उपाय ठाऊक होता. त्यांनी आणखी पावडर टाकली. दुसऱ्या दिवशी फळी डावीकडेही अडखळू लागली. त्यांनी आणखी टाकली.

“तुम्ही काहीतरी केलंत याला,” पुढच्या खेपेला चेंडू हुकल्यावर केशरबाई म्हणाल्या. “मी जिंकायला लागले आणि हे बिघडलं, अं?”

“मी? शिऱ्याचा हात कुणाचा लागतो त्याला?”

“माझा हात स्वच्छ असतो. पुसते मी.”

“कशाला पुसता? साडीला, की माउसला?”

मालू स्वयंपाकघरातून “आई!” म्हणून ओरडली. दोघी गप्प झाल्या, कारण कुणाला ते कळलं नाही.

रात्री उत्तमने माउस हलवून पाहिला. पडद्यावरचा बाण कोपऱ्यात जाऊन घुटमळत राहिला. त्याने मशीन बंद केलं, चालू केलं, मागच्या वायरी काढून पुन्हा घातल्या. मग खुर्चीत मागे टेकून डॉक्टरसारखा म्हणाला, “व्हायरस आहे.”

“म्हणजे?” गोदाबाईंनी विचारलं.

“बाहेरून आलेला असतो. मशीनमध्ये शिरतो आणि सगळं बिघडवून टाकतो.”

‘बाहेरून’ म्हटल्यावर गोदाबाईंना कल्याणच कसं आठवलं, ते त्यांनी बोलून दाखवलं नाही.

रविवारी उत्तमने आपले नकाशे फ्लॉपीवर उतरवून घेतले आणि मशीन फॉरमॅट केलं, म्हणजे पाटी पुसावी तसं सगळं पुसून नव्याने भरलं. जेवणसुद्धा त्याने तिथेच केलं. संध्याकाळी खेळ पुन्हा घातल्यावर गोदाबाईंनी आधी नावांची यादी उघडली. ती कोरी होती.

“गोदा कुठे गेली?” त्यांनी विचारलं.

“आई, सगळंच गेलं गं. फॉरमॅट म्हणजे तेच.”

“केशरही?”

“केशरही.”

एवढंच काय ते समाधान. गोदाबाईंनी माउस हलवला, आणि फळी अर्ध्यात थबकली. उत्तमने घाम पुसला. “मुरलेला व्हायरस आहे,” तो म्हणाला. “उद्या ऑफिसात विचारतो.”

दुसऱ्या दिवशी केशरबाई आल्या, कोरी यादी पाहून मटकन बसल्या. दोघी समोरासमोर कपाळाला हात लावून बसल्या होत्या. मालू बाहेर गेलेली.

“तुमचंही गेलं?” केशरबाई म्हणाल्या.

“माझं जास्त गेलं. अर्ध्याहून जास्त ओळी माझ्या होत्या.”

“पण वरची माझी होती ना!”

गोदाबाईंचा तोल गेला. त्यांनी माउस उचलून टेबलावर आपटला. खटकन काहीतरी सुटलं, एक छोटी गोल चकती उडाली आणि माउसच्या पोटातून राखाडी गोळी निघून टणटणत पलंगाखाली गेली.

“अगं बाई!” दोघी एकदम म्हणाल्या.

पुढे बराच वेळ दोन विहिणी पलंगाखाली होत्या. एकीने झाडूने ढकललं, दुसरीने पलीकडून पदर पसरला. गोळी सापडली तेव्हा दोघींच्या केसांना जळमटं लागली होती. चकती परत बसवावी म्हणून गोदाबाईंनी माउस उलटा धरून आत पाहिलं. आत दोन बारीक दांड्या होत्या, एक उभी, एक आडवी. गोळी फिरली की त्या फिरत असाव्यात. आणि दोन्ही दांड्यांवर काळपट पांढरं, जाड, चिकट वेटोळं बसलं होतं.

“काचेला लावायचं लुकण कुणी भरलं यात?” केशरबाईंनी विचारलं.

गोदाबाईंनी केसांतला आकडा काढून एक ढलपा खरवडला. केशरबाईंनी तो बोटावर घेऊन नाकाशी नेला आणि त्यांचा चेहरा बदलला.

“साजूक तूप आहे,” त्या हळूच म्हणाल्या.

गोदाबाईंनी ढलपा दोन बोटांत चुरला. तो सुळसुळीतपणा त्यांना झोपेतही ओळखता आला असता. “आणि ही बोरिक पावडर,” त्या त्याहून हळू म्हणाल्या.

दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. मग केशरबाईंना आधी हसू फुटलं, आणि समोरचे दात नसलेल्या बाईचं हसू पाहून गोदाबाईंनाही आवरेना. आकड्याने, चिंधीने, फुंकर मारून त्यांनी आतलं सगळं साफ केलं, गोळी धुऊन पुसून बसवली, चकती फिरवली. टेबलही पुसलं. माउस हलवला तर बाण पडद्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत सरळ गेला.

“उत्तमरावांना काय सांगायचं?” केशरबाईंनी विचारलं.

“काही नाही. रविवारचा दिवस घालवलाय त्याने.”

“जावयाचा मान असतोच म्हणा.”

उत्तम घरी आला, त्याने माउस हलवून पाहिला आणि छाती फुगवली. “बघितलंत? फॉरमॅटचा गुण यायला एक दिवस लागतो कधी कधी.” दोघींनी माना डोलावल्या. तिथवर ठीक होतं. पण उत्तमने ही गोष्ट जिन्यात सांगितली, सोसायटीच्या सभेत सांगितली, आणि पुढच्या रविवारी वरच्या मजल्यावरचे शिवरामभाऊ दारात उभे राहिले.

शिवरामभाऊ पोस्टातून निवृत्त झालेले. दापोलीकडच्या आपल्या कुळाचा सगळा वृत्तांत ते कॉम्प्युटरवर टाइप करत होते. त्यापायी त्यांनी गावोगाव फिरून वंशावळी गोळा केल्या होत्या. “उत्तम, आमचाही बाण अडकतोय रे,” ते म्हणाले. “तो तुझा इलाज करून टाक.”

उत्तम फ्लॉपींचा डबा घेऊन वर गेला. केशरबाई त्या दिवशी नवी कवळी दाखवायला आल्या होत्या. दोघी विहिणी एकमेकींची नजर चुकवत चहा घेत राहिल्या.

मालू वरून आली. “भाऊंच्या फ्लॉपींतली एक मशीन वाचत नाहीये. हे म्हणतायत, फार तर मधल्या दोन पिढ्या जातील.”

गोदाबाईंनी कप खाली ठेवला. “दोन पिढ्या!” त्या उठल्या आणि तशाच जिना चढू लागल्या.

वर उत्तमचं बोट एंटरच्या कळीवर टेकायच्या बेतात होतं. शिवरामभाऊ शेजारी हात जोडून उभे होते, पूर्वजांना निरोप द्यावा तसे.

“उत्तम, बोट उचल!”

“आई? काय झालं?”

“फॉरमॅटने काही झालं नव्हतं. व्हायरसही नव्हता. मी टेबलावर कॅरमची पावडर टाकत होते. ती आत जाऊन बसली होती. मीच साफ केली आणि तुला सांगितलं नाही.”

उत्तमचे कान लाल झाले. तेवढ्यात दारातून धापा ऐकू आल्या.

“एकट्या त्यांचं नाही हो, उत्तमराव,” केशरबाई चौकट धरून म्हणाल्या. “नुसती पावडर बसली नसती. तूप माझं होतं.”

गोदाबाईंनी शिवरामभाऊंचा माउस उलटा केला, चकती फिरवली, गोळी तळहातावर घेतली. आतल्या दांड्या तांबूस भुकटीने भरल्या होत्या. केशरबाई वास घ्यायला पुढे झाल्या आणि सटासट शिंकल्या.

“तपकीर!” त्या म्हणाल्या, आणि नवी कवळी घट्ट धरली.

शिवरामभाऊंनी डबी गुपचूप खिशात सारली.

घरी आल्यावर उत्तमने फ्लॉपींचा डबा खणात आपटला. दोघींनाही वाईट वाटत होतं. जेवण झालं तसा तो कॉम्प्युटरसमोर जाऊन बसला आणि पाठ करून विटांचा खेळ खेळू लागला. पहिला चेंडू गेला. दुसरा गेला. गोदाबाई उठून त्याच्या उजव्या खांद्याशी उभ्या राहिल्या, केशरबाई डाव्या.

“आता काय अडकतंय?” त्याने चिडून विचारलं.

“काही नाही रे,” गोदाबाई म्हणाल्या. “डावीकडे घे.”

“डावीकडे नको, उत्तमराव, थांबा जरा. येऊ द्या त्याला.”

“अहो विहीणबाई, थांबला तर जाईल तो!”

“जात नाही. कोपऱ्यावर आपटून येतोय, बघा तुम्ही.”

चेंडू गेला. उत्तमने दोघींकडे आळीपाळीने पाहिलं, आणि दिवसभरात पहिल्यांदा त्याला हसू आलं.

“ऊठ,” गोदाबाई म्हणाल्या, आणि दुसरी खुर्ची ओढून ती त्यांनी विहीणबाईंकडे सरकवली.