दोराचं दुसरं टोक

"ओढा मावशी, अजून ओढा!" डॉक्टरबाई उकिडव्या बसून दोरात अडकवलेल्या वजनकाट्याकडे टक लावून बघत होत्या.

मावशी ओढतच होती. पाय रोवून, दातओठ खात. जाळीपलीकडून दोराचं दुसरं टोक म्हातारीच्या हातात होतं. म्हातारी म्हणजे प्राणिसंग्रहालयातल्या पिंजऱ्यांच्या या ओळीतली सगळ्यांत वयस्क चिंपांझी. मावशीखेरीज ती कुणाशी दोर खेळायची नाही. रोज सकाळी झाडलोट उरकली की दोघींची रस्सीखेच. थोडी तिची सरशी, थोडी हिची, आणि शेवटी दोर मावशीकडे यायचा. मग म्हातारी ओठांचा चंबू करून हुंकारायची. घे बाई, तुझंच खरं.

आजही दोर आला.

डॉक्टरबाईंनी काटा वाचला, पुसून पुन्हा वाचला. "साहेब, हे काही ठीक नाही. एवढा जोर तर माझी पुतणी लावते. दुसरीत आहे ती."

"वय झालं तिचं," साहेब म्हणाले.

"झालं तरी! लोक म्हणतात माणसाच्या पाचपट ताकद, ती निव्वळ थाप. पण वजनाच्या मानाने आपल्या दीडपट तरी असतेच. यांच्या स्नायूंत झटक्यात आवळणारे धागे जास्त, आपल्यात दमादमाने काम करणारे. म्हणून आपण दिवसभर चालू शकतो. सुई ओवतो, अंडं न फोडता उचलतो. बेताचा जोर लावणं हे आपलं काम, यांचं नव्हे. यांनी ओढलं की ओढलं." त्यांनी काट्यावर टिचकी मारली. "हिचे स्नायू झडायला लागलेत. भूल देऊन मांसाचा तुकडा काढून तपासावा लागेल."

"या वयात भूल?" मावशीच्या तोंडून निघून गेलं.

"धोका आहेच. पण दुसरं काय करणार?"

"उद्याच उरकून टाकू," साहेब म्हणाले.

मावशीने उजवा हात एप्रनच्या खिशात घातला. तो हल्ली तिथंच असायचा. घरी बरणीचं झाकण निघेना तेव्हा सून म्हणाली होती, "आई, द्या इकडे, बरणी काय पळून जात नाही." किल्ल्या हातातून गळायच्या. पिंजऱ्यांमधले सरकते दरवाजे ओढणाऱ्याचे दोन्ही हात धड हवेत, हा इथला नियम. नाहीतर रवानगी खाणं चिरायच्या खोलीत. म्हणून मावशीने कुणाला ताकास तूर लागू दिली नव्हती. स्वतःलासुद्धा नाही. दोर येतोय ना रोज, मग हात शाबूत आहे, असं तिने मनाशी धरलं होतं.

ती झाडलेला बोळ पुन्हा झाडायला लागली. भरलेली बादली ओतून परत भरली. पाय एका जागी ठरेनात. कोपऱ्यात म्हातारीची बसायची फळी पडली होती, खिळ्यांसकट उपटलेली. सकाळीच मावशीने सुताराकडे तक्रार केली होती, "किती वेळा ठोकून देणार हिला, रेडा झालाय नुसता."

झाडू हातातच राहिला.

ती परत फिरली. "डॉक्टरबाई, दोराचं हे टोक भिंतीतल्या कडीला बांधा."

"पण ती तुमच्याशिवाय ओढत नाही ना?"

"मी उभी राहते की शेजारी."

म्हातारीने दोर हलकेच ओढला. मावशीकडे पाहिलं. जरा जास्त ओढला. मग कडीकडे पाहिलं, दोन्ही पाय जाळीला टेकवले, आणि काटा सर्रकन टोकाला जाऊन अडकला. कडीभोवतीचा गिलावा खाली पडला.

"अगं आई गं!" डॉक्टरबाई मागे सरकल्या. मग कपाळाला आठी घालून म्हणाल्या, "असाही एक आजार असतो साहेब. घटकेत जोर, घटकेत काही नाही. भूल द्यावीच लागेल."

मावशीने जाळीकडे पाहिलं. म्हातारी कानामागे खाजवत होती.

"आजार आहे," मावशी म्हणाली. "पण जाळीच्या अलीकडे."

तिने खिशातून हात काढला. अंगठ्याच्या बुडाशी जिथं मांसाचा उंचवटा असतो, तिथं चमच्यासारखा खळगा होता. डॉक्टरबाईंनी तो दाबून पाहिला, मग नुसताच धरून ठेवला.

"कधीपासून, मावशी?"

"काय माहीत. मला वाटायचं, मीच ओढते."

साहेबांनी विचारलं, "आणि दरवाजे कसे ओढता?"

"ढुंगणानं, साहेब."

साहेब हसले. हसता हसता दरवाजाकडे बघून थांबले. मावशीला त्यांची चूक वाटली नाही. तिकडच्या बाजूला माणूस उभा असताना दरवाजा अर्धा राहिला तर काय होतं, हे तिला कुणी सांगायला नको होतं.

दुसऱ्या दिवशी ती चिरायच्या खोलीत डाव्या हाताने काकड्या कापत होती. तुकडे एकाचा एकाला मेळ नसलेले पडत होते. इतक्यात तिच्या जागी नेमलेला गडी दारात आला. दंडाकडे बघून सगळे त्याला पैलवान म्हणायचे. त्याने दोन्ही तळवे पुढे केले. सोलून लाल झाले होते.

"ही तुमची म्हातारी! दोर दिला मात्र, हिसकाच मारला बयेने. खांदा निखळायचा राहिला. तुमच्याशी बरी खेळायची?"

"बरी खेळायची," मावशी म्हणाली. तिने त्याचे हात नळाखाली धरले. "दोर कुठाय?"

"तिच्याचपाशी. मला हात लावू देत नाही. टोक तेवढं जाळीतून बाहेर सोडून बसलीय कधीची."

मावशीने नळ बंद केला. सुरी उचलली, खाली ठेवली, पुन्हा उचलली. काकड्या अजून टोपलीभर होत्या.