कुबड्या डोंगराची नोंद

आचार्य त्रिविक्रम गेल्यानंतर तेराव्या दिवशी त्यांच्या घरातली एक खोली नाहीशी झाली. त्यांची बायको भानुमती सकाळी उठून नकाशांच्या खोलीकडे गेली, तर तिथे सलग भिंत होती. चुना वाळलेला, वर एक जुनी पाल. भानुमतीला फारसं नवल वाटलं नाही. सुवेळा नगरीत विद्यापीठाच्या चरित्रग्रंथात जे लिहिलं जाई तेच घडून गेलेलं असे, आणि आचार्यांचं चरित्र लिहायला घेतलंय हे तिला ठाऊक होतं. ती खोली कुणीतरी गाळली असणार.

आचार्यांची कीर्ती डोंगरांमुळे. त्या मुलखातले डोंगर चालत. कुणी वर्षाला कोसभर सरके, कुणी एका पावसाळ्यात तीन गावं ओलांडून चौथ्यावर बसे. कुठला डोंगर कधी कुठे बसेल याचं कोष्टक आचार्यांनी केलं आणि माणसं चिरडून मरायची थांबली. म्हणजे कोष्टक त्यांच्या नावाचं. डोंगरांमागे मोजणीची दोरी घेऊन एकतीस वर्षं चालली ती भानुमती. आचार्यांना उन्हाचा त्रास होई. ती आकडे सांगे, ते ओसरीवर बसून सुवाच्य अक्षरात उतरवून घेत.

चरित्र पानापानाने पुढे सरकलं तशी तिची दुखणी कमी होत गेली. आधी गुडघे बरे झाले. मग टाचांच्या भेगा बुजल्या. एका दुपारी तिने पाहिलं, तर तळवे तान्ह्या पोराचे असावेत तसे मऊ गुलाबी झाले होते. त्याच आठवड्यात शेजारीण सांगत आली, "सभागृहात आचार्यांचा देह जतन करून ठेवलाय ना, त्याच्या पायांना घट्टे आलेत! लोक रांगा लावून दर्शन घेताहेत."

तेही भानुमतीने गिळलं. पण आकडे जायला लागले तेव्हा ती घाबरली. रोज एखादा डोंगर डोक्यातून निघून जाई. एका सकाळी तिच्याजवळ एकटा कुबड्या उरला. आषाढाच्या सातव्या दिवशी तो बारवखेडवर बसणार होता. आचार्यांनी ऐकण्यात चूक करून २७ लिहिलं होतं. तिने तेव्हाच दाखवून दिलं, तर म्हणाले होते, "राहू दे. खाडाखोड बरी दिसत नाही."

आज आषाढाचा तिसरा दिवस होता. बारवखेडात दोनशे घरं होती.

ती ग्रंथशाळेत गेली. तिथला बोळ तिच्यासाठी लांबत राहिला. ती अर्धा दिवस चालली, मऊ तळव्यांना फोड आले, मग दार आलं. आत आचार्यांचा शिष्य पद्मनाभ चरित्र लिहीत बसला होता.

"पद्मनाभ, कुबड्याचा आकडा चुकलाय. सत्तावीस नाही रे, सात."

"आचार्य चुकत नाहीत, बाई. पहिल्याच पानावर लिहिलंय तसं."

"दोनशे घरं आहेत."

"मला कळत नाही का? तुमच्या हातचं जेवलोय मी." त्याने मागचं एक पान चाळलं. "म्हणजे, जेवलो होतो. ते पान बदललं."

"मग काहीतरी कर."

पद्मनाभने टाक दौतीत बुडवला. "एकच करता येईल. आचार्यांनी सातच लिहिलं होतं, मागाहून कुणीतरी त्याचं सत्तावीस केलं, असं लिहितो. आकडा दुरुस्त होईल. पण कुणी केलं ते लिहावं लागेल. घरात दुसरं कोण होतं?"

"का केलं, तेही लिहिणार?"

"कारणाशिवाय वाक्य उभं राहत नाही, बाई."

"लिही," भानुमती म्हणाली.

सबंध चरित्रात तिचं नाव आलं ते तेवढंच. शाई वाळायच्या आत तिला सगळं आठवलं. दुपारची वेळ, आचार्य झोपलेले, आणि सातच्या आधी दोनचा आकडा घालणारा आपला हात. ती घरी आली तेव्हा गेलेली खोली परत आली होती. तिला आता बाहेरून कडी होती.

दवंडी पिटली गेली. बारवखेड रिकामं झालं. सातव्या दिवशी कुबड्या आला आणि ओस घरांवर बसला. कोष्टकाप्रमाणे तो आता बारा वर्षं हलायचा नव्हता.

आठव्या दिवशी सकाळी बारवखेडची माणसं गाठोडी घेऊन भानुमतीच्या अंगणात उभी राहिली. पुढे म्हातारी गोजाबाई होती. डोंगरामागे चालून थकली की भानुमती तिच्याच घरी ताक प्यायची. गोजाबाईला ती ओळख आठवत नव्हती.

"का केलंत असं?" तिने विचारलं. "लेकरंबाळं होती आमची तिथं."

भानुमतीला खरं सांगायचं होतं. तिने तोंड उघडलं, तर वाक्य तयार होतं. "मला त्यांच्या नावाचा हेवा वाटायचा."

आणि म्हणताना तिला तो हेवा खरंच जाणवला. छातीत, जुना, एकतीस वर्षांचा.

सगळी तिच्याकडे बघत राहिली. त्यांच्या मागे, नगरीच्या तटापलीकडे, बारा वर्षं न हलणारा कुबड्या माती झटकत उठून उभा राहत होता. त्याच्या पोटाला दोनचार छपरं चिकटली होती. उभा राहून त्याने तोंड नगरीकडे वळवलं. अंगणात तिकडे तोंड करून उभी होती ती एकटी भानुमती.