सात नंबरचा झगा

इस्त्रीवाल्याच्या लेकीनं याद्यांच्या वहीचं मागचं पान फाडलं आणि तापत्या इस्त्रीशेजारी वडिलांच्या पुढ्यात ठेवलं. मठातली खोली घेतली तर काय काय पदरात पडेल, ते तिनं एकाखाली एक लिहून काढलं होतं. नळ, खोलीतच. खिडक्या, दोन. चढायच्या पायऱ्या, एकही नाही. वाफ जायला वाट. पाठ टेकायला भिंत. पानाच्या मधोमध उभी रेघ होती आणि पलीकडची बाजू कोरी होती. ती तिनं वडिलांसाठी सोडली होती. तोटा शोधून काढायच्या कामात त्यांचा हात धरणारा त्या गल्लीत कोणी नव्हता.

"वाचलंत?"

"कॉलर पोळेल. हात काढ."

"लिफ्टवाले सोमवारी माप घ्यायला येणार आहेत, बाबा."

इस्त्रीवाल्यानं कॉलर उलटी केली आणि तिच्यावरून टोकदार इस्त्री सावकाश फिरवली. म्हणजे त्याला सगळं ऐकू आलं होतं.

एकतीस वर्षं तो या इमारतीच्या जिन्याखाली उभा होता. आता इमारतीला लिफ्ट येणार होती आणि तिला नेमकी जिन्याखालचीच जागा हवी होती. समोरचा मठही रिकामा होत होता. इस्त्रीवाला नवा होता तेव्हा तिथे बावीस सिस्टर होत्या, आता पाच उरल्या होत्या. त्या शुक्रवारी दुसऱ्या शहरातल्या मठात राहायला जाणार होत्या. मागच्या इमारतीत संगीतशाळा येणार होती. चर्च मात्र उघडंच राहायचं होतं. रविवारी प्रार्थना आणि शनिवारी गाण्याचे कार्यक्रम. जागा सोपवताना सिस्टरांनी एकच अट घातली होती: दाराजवळची खोली इस्त्रीवाल्याला द्यावी. संगीतशाळेचा व्यवस्थापक दोनदा येऊन विचारून गेला. दोन्ही वेळा इस्त्रीवाल्यानं त्याला बसायला स्टूल दिलं, पाणी दिलं, पण उत्तर काही दिलं नाही.

"ती तिची खोली आहे," तो लेकीला म्हणाला. "तिनं समोर येऊन सांगितलं तर घेईन. परस्पर नाही."

'ती' म्हणजे दारावरची सिस्टर. तिला त्यानं कधी पाहिलं नव्हतं.

मठाच्या दारात, भिंतीतच, एक गोल लाकडी कपाट बसवलेलं होतं. गल्लीतले लोक त्याला गिरकी म्हणत. बाहेरच्यानं त्यात वस्तू ठेवायची आणि कपाट फिरवायचं, की वस्तू आत. आतलीनं फिरवलं, की वस्तू बाहेर. लाकूड इतकं घट्ट बसवलेलं, की आतल्या बाईची सावलीसुद्धा बाहेर पडत नसे. मठातल्या सिस्टर बाहेरच्या माणसासमोर यायच्या नाहीत, असाच नियम होता. आवाज तेवढा यायचा, तोही कुजबुजता, फळ्यांमधून गाळून आलेला.

इस्त्रीवाला आठवड्यातून दोनदा गाठोडं घेऊन जायचा. झगे, वेदीवरची कापडं, डोक्यावरचे रुमाल. पहिल्या वर्षी आतून एवढंच यायचं, "ठेवा." मग एकदा त्याला खोकला झाला होता तेव्हा, "औषध घेताय ना, दादा?" तिथून सुरू झालं. त्याच्या लग्नाचं तिला ठाऊक होतं. लेक झाली, लेकीला गणितात कमी पडले, घरमालकानं त्रास दिला, बायको आजारी पडली, हे सगळं गिरकीतून आत गेलं होतं. पुढच्या खेपेला तिकडून बरोब्बर तिथूनच विचारणा व्हायची. "दुसऱ्या डॉक्टरांना दाखवलंत का?" इतकी पक्की आठवण त्यानं दुसऱ्या कुठल्या माणसात पाहिली नव्हती. गल्लीनं त्याला एकतीस वर्षांत दादाचा काका केला आणि काकाचा आजोबा. ती मात्र अजून दादाच म्हणायची.

ती सात नंबरची, हेही त्यानं शोधून काढलं होतं. प्रत्येक झग्याच्या गळ्याशी लाल दोऱ्यानं आकडा घातलेला असे. सातच्या उजव्या बाहीची कड कायम विरलेली असायची. रोज लाकूड फिरवणाऱ्या हाताचीच ती खूण. तेव्हापासून सात नंबरला तो इस्त्री जरा जास्त देई आणि चुण्या अशा पाडी, की धार लागावी. मधेच एकदा झग्याची खालची दुमड चार बोटं उसवून उंची वाढवलेली त्याला दिसली. पन्नाशीनंतर माणूस वाढत नाही, हे त्याला कळत होतं. पण कापड आटतं, असं त्यानं ठरवून टाकलं. हयात कापडात गेलेल्या माणसानं स्वतःला असं गुंडाळावं, म्हणजे त्याला ते मनापासून हवं असलं पाहिजे.

शुक्रवारी सकाळी त्यानं लग्नकार्याचा सदरा घातला. लेकीनं त्याला खालपासून वरपर्यंत पाहिलं आणि ती म्हणाली, की व्यवस्थापक एवढा काही मोठा माणूस नाही. शेवटच्या गाठोड्यात पाच झगे होते. सात नंबरचा त्यानं सर्वांत वर ठेवला होता.

मठाचं मोठं दार त्यानं प्रथमच सताड उघडं पाहिलं. समोर गाडी उभी होती. गल्लीतले दहा-बारा जण हातावर हात धरून उभे होते. आधी दोन सिस्टर एकमेकींच्या आधारानं आल्या. मग काठी टेकत एक. मग चाकांच्या खुर्चीतून एक अगदी म्हातारी. तिची खुर्ची ढकलणारी मागे होती.

इस्त्रीवाल्यानं मनातल्या मनात वयं जुळवली आणि तो खुर्चीसमोर जाऊन उभा राहिला. गाठोडं काखेत तसंच ठेवून त्यानं हात जोडले.

"सिस्टर, मी. इस्त्रीवाला."

म्हातारी गोड हसली. तिनं त्याच्या मागे उभ्या असलेल्या लेकीकडेही तसंच हसून पाहिलं आणि मग गाडीकडेही. तिला ऐकू येत नव्हतं.

"गुडघा कसा आहे, दादा?"

आवाज खुर्चीच्या मागून आला. कुजबुजता, तोच. इस्त्रीवाल्यानं वर पाहिलं. खुर्ची ढकलणारी बाई उंच होती, चष्मेवाली, चाळिशीची असेल नसेल. तिच्या उजव्या बाहीची कड विरलेली होती.

त्यानं तिच्याकडे पाहिलं, बाहीकडे पाहिलं, पुन्हा तिच्याकडे पाहिलं. एकतीस वर्षांपूर्वी ही दप्तर पाठीला लावून शाळेत जात असणार.

"तुम्ही दारावर किती वर्षं?"

"सहा."

"आणि आधी?"

"आधीच्या सिस्टर चार वर्षं होत्या. त्यांच्याआधीच्या नऊ. पहिल्या बारा." तिनं खाली पाहिलं. "त्या पहिल्या दोघींना मीही पाहिलेलं नाही. दाराचं काम ज्या सिस्टरकडे येतं, सात नंबर तिच्याकडे येतो."

"मग मी बोलत कुणाशी होतो?"

"दाराशी जी असेल तिच्याशी."

गाडीवाल्यानं हॉर्न दिला नाही, पण घड्याळ पाहिलं. सिस्टरनं खुर्चीच्या मागच्या पिशवीतून जाड पुठ्ठ्याची एक वही काढली आणि इस्त्रीवाल्याच्या काखेतलं गाठोडं घेऊन त्या जागी दिली. ती म्हणाली, "ही इथेच राहायला हवी. खोली घ्या, दादा." सात नंबरच्या चुण्यांवरून तिनं बोट फिरवलं, ते लेकीनं पाहिलं. इस्त्रीवाला तोवर पाठ फिरवून रस्ता ओलांडत होता.

जिन्याखाली येऊन त्यानं इस्त्री लावली आणि ज्याला इस्त्रीची गरज नव्हती असं एक फडकं दोनदा चेपलं.

"खोलीचं काय सांगायचं?" लेकीनं विचारलं.

"कुणाला सांगायचं? चौघी मिळून मला बनवत होत्या. तिनं सांगितलं तर घेईन म्हटलं होतं ना मी? ती नव्हतीच."

लेक बाकावर बसली आणि वही चाळू लागली. दूधवाल्याचं एक पान, टपालवाल्याची दोन, रस्ता झाडणाऱ्या बाईची बरीच. इस्त्रीवाल्याची पानं लागली ती संपेचनात. अक्षर चार वळणांचं होतं. आधी बारीक, मग तिरकं, मग मोठं गोल, शेवटी घाईचं. ती मोठ्यानं वाचू लागली. तो ऐकत नव्हता, असं त्याचं म्हणणं.

"'याला दादा म्हणावं. लाजाळू आहे, आधी आपण विचारावं.'"

इस्त्री थांबली.

"'मुलगी झाली. नाव अजून ठरलेलं नाही.' 'मुलीला गणितात नऊ. हा विषय काढू नये.'" लेक हसली. "हेही सांगितलंत होय तुम्ही?"

"पन्नासात नऊ होते. सांगू नको तर काय करू?"

ती पानं उलटत गोल अक्षरापाशी आली आणि मधेच गप्प झाली.

"काय लिहिलंय?"

"काही नाही."

"वाच."

आठ वर्षांपूर्वी तो गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी तीन आठवडे दवाखान्यात होता. सिस्टरला घोर नको, म्हणून त्यानं लेकीला बजावलं होतं की गाठोडं तू ने, पण बोलू नको. माझ्यासारखं खोकून फक्त 'हं' म्हण. लेकीनं तसंच केलं होतं आणि आपलं नाटक बेमालूम वठलं म्हणून वर्षभर मिरवलंही होतं.

"'लेक येते,'" तिनं वाचलं. "'वडिलांचा खोकला काढते. चांगला काढते. ओळखलं असं दाखवू नये.'"

इस्त्रीवाल्याचं तोंड आधी वाकडं झालं, मग त्याला हसू आलं. त्यानं इस्त्री उभी करून ठेवली आणि तो लेकीशेजारी बाकावर येऊन बसला.

"कडेला या रेघा कसल्या?" त्यानं विचारलं.

जवळजवळ प्रत्येक नोंदीशेजारी समासात एक छोटी उभी रेघ होती. लेकीला वाटलं, कपड्यांची मोजदाद असेल. त्यानं मान हलवली. एका खेपेला एकच कपडा त्यानं कधीच नेला नव्हता. मग तिनं वही पहिल्या पानापासून उघडली. तिथे बारीक अक्षरात नियम लिहिले होते. तिसरा असा होता:

'दाराशी कामापुरतंच बोलावं. त्याहून जास्त बोलणं झालं तर त्या दिवसाची रेघ मारावी, आणि त्या संध्याकाळी सर्वांदेखत उभ्यानं जेवावं.'

लेकीनं बोट त्या ओळीवरच ठेवलं. वर जिन्यावरून कोणीतरी चपला वाजवत खाली उतरलं आणि निघून गेलं.

"आईचं पान काढ," इस्त्रीवाला म्हणाला.

ते चौदा वर्षांपूर्वीचं, तिरक्या अक्षरातलं होतं. तो महिना तो रोजच मठाच्या दाराशी जायचा. गाठोडं नसलं तर रिकामी गिरकीच फिरवायचा. पानावर सव्वीस रेघा ओळीनं होत्या. सत्ताविसाव्या दिवशी रेघ नव्हती. 'सकाळी गेली. दादा आले, काही बोलले नाहीत. मीही नाही. नियम मोडला नाही. तरी आज सगळ्याच उभ्या राहिलो.'

"सगळ्याच म्हणजे किती?" लेकीनं हळूच विचारलं.

"चौदा," इस्त्रीवाला म्हणाला. त्याला आठवावं लागलं नाही. त्या वर्षी झगे चौदाच येत असत.

सोमवारी लिफ्टवाले माप घ्यायला आले, तेव्हा जिन्याखाली भिंतीवरच्या खिळ्याखेरीज काही नव्हतं. व्यवस्थापकाला इस्त्रीवाल्यानं होकार दिला आणि गिरकी काढायची नाही, एवढी अट घातली. तिची जागा संग्रहालयात आहे, असं व्यवस्थापकाचं म्हणणं पडलं. त्यावर इस्त्रीवाल्यानं त्याला पुन्हा स्टूल आणि पाणी दिलं, आणि तो गप्प बसून राहिला. तासाभरानं व्यवस्थापक कंटाळून हो म्हणाला.

खोलीत नळ होता, दोन खिडक्या होत्या, पाठ टेकायला भिंत होती. गिरकीच्या आतल्या बाजूला, बसणारीच्या उजव्या हाताशी, लाकूड घासून गुळगुळीत झालं होतं. पहिल्या दिवशी दुपारी बाहेरून पावलं आली. व्हायोलिन शिकवणारे मास्तर होते. त्यांनी एक काळा कोट आत सरकवला. शनिवारच्या कार्यक्रमाआधी हवा होता. इस्त्रीवाल्यानं गिरकी फिरवून कोट घेतला. कोटाच्या बाहीला काळ्याऐवजी निळ्या दोऱ्यानं, पुरुषी हातानं घातलेले टाके होते, आणि ते ताजे होते. त्यानं ते अंगठ्यानं चाचपले. मग, गिरकीमागून बोलताना आपोआपच आवाज खाली येतो तसा, हळू आवाजात तो म्हणाला,

"घरी सगळं ठीक ना, मास्तर?"

बाहेर व्हायोलिनची पेटी जमिनीवर टेकल्याचा आवाज आला. मग मास्तर बोलू लागले.

संध्याकाळी लेकीनं खोलीतच दोन ताटं वाढली. दुपारभर बसून तिनं वडिलांच्या पानांवरच्या रेघा मोजून काढल्या होत्या. बारीक अक्षराच्या नऊशे सहा, तिरक्या अक्षराच्या आठशे बारा, गोल अक्षराच्या तीनशे नव्वद, घाईच्या अक्षराच्या पाचशे सदतीस. त्यांखेरीज चौदा जणींची एक संध्याकाळ. गणितात पन्नासात नऊ मिळवणारी होती, म्हणून तिनं ते दोनदा मोजलं होतं.

इस्त्रीवाल्यानं ताट उचललं आणि तो खिडकीशी जाऊन उभा राहिला.

"गुडघा दुखेल, बाबा. बसा."

तो उभाच राहिला. लेकीचं लक्ष वहीकडे गेलं. शेवटच्या घाईच्या अक्षरानंतर एक नवं पान उघडलेलं होतं, आणि त्यावर मोठ्या, वाकड्या अक्षरात मास्तरांचं नाव.

"आज किती?" तिनं विचारलं.

"एक."