मूकपटातली मालकीण

“आजपासून या बंगल्यात कोणी मालक नाही, कोणी नोकर नाही!” शेखरसाहेबांनी हिरवळीवर हात पसरून जाहीर केलं, आणि सकुबाईला आधी आतून त्यांचा चष्मा आणायला पिटाळलं.

ती परत आली तेव्हा दामिनीनं कॅमेरा लावला होता. साहेबांच्या या भाचीला स्पर्धेसाठी शंभर वर्षांपूर्वीसारखा मूकपट करायचा होता. विनोदी. त्यात गडी ट्रे पाडतो आणि मालकीण त्याला झापते. गंमत म्हणून साहेब गडी झाले होते; आणि मुरबाडबाहेरच्या त्या बंगल्यात सहा वर्षं स्वयंपाकपाणी करणारी सकुबाई, भाड्यानं आणलेल्या पैठणीत, मालकीण.

“आवाज येणारच नाही, मावशी. तोंडाला येईल ते बोला. फक्त चिडलेल्या दिसा,” दामिनीनं समजावलं.

सकुबाई चिडेना. तीनदा ट्रे पडला, तीनदा तिनं वाकून स्टीलचे पेले गोळा केले.

“अहो, मालकीण पेले उचलत नाही!” दामिनी कावली.

सकुबाईचं लक्षच नव्हतं. उद्या किन्हवलीहून तिच्या लेकीला, भाविकाला, बघायला पाहुणे येणार होते. आठ दिवस ती सुट्टी मागत होती. साहेबांचं एकच उत्तर : उद्या आपल्याकडे वीस माणसं जेवायला आहेत. पुन्हा विचारलंस तर दुसरी बाई बघावी लागेल, हे त्यांनी अगदी हसतमुखानं सांगितलं होतं.

चौथ्यांदा ट्रे पडला. सकुबाई वाकली नाही. बोट रोखून पुढे झाली.

“उद्या मी येनार नाय,” ती म्हणाली. “पोरीला बघाया मानसं येनार, नि आईच घरात नाय? तुमची वीस मानसं जेवतील नायतर उपाशी जातील. आयकलं?”

साहेबांची मिशी थरथरली. चिकटवलेली होती. त्यांनी तोंड उघडलं.

“मामा, थांबू नका! हात जोडा! मान हलवा!” दामिनी कॅमेऱ्यामागून ओरडली.

साहेबांनी हात जोडले. मान हलवली.

“अशी नाय. नीट हालवा.”

त्यांनी नीट हलवली.

“कट! काय सुरेख झालं!” म्हणत दामिनी कॅमेऱ्यात डोकं घालून बसली.

साहेबांनी मिशी सोलून काढली, ती तळहातावर ठेवून पाहिली. मग ते दोन पावलं सकुबाईजवळ आले.

“सकुबाई,” ते हळूच म्हणाले, “आपल्याकडे साखर कुठल्या डब्यात असते, तेवढं उद्यासाठी सांगून ठेवा.”